सेन्सॉर गेला आणि कागदही गेले: पटकथाकार गोन्सालो गोइकोएचेआ कसा शोधायचा

प्रश्न असा आहे: ‘नावाखेरोस’ (१९८०) आणि ‘एल पिको’ (१९८३) हे दोन स्पॅनिश चित्रपट पाहिले. दोन्हींत दिग्दर्शक एलॉय दे ला इग्लेसियाच्या जोडीला पटकथेसाठी गोन्सालो गोइकोएचेआ हे नाव आहे. दिग्दर्शकाबद्दल ढीगभर सापडतं, या माणसाबद्दल जवळजवळ काहीच नाही. त्याने नेमकं काय लिहिलं हे ठरवता येतं का? येत असेल तर कसं?

ठरवता येतं, पण पूर्ण नाही. आणि जे येतं ते त्याच्या चरित्रातून येत नाही. चित्रपट एकमेकांशेजारी ठेवून पाहावे लागतात आणि कायद्यातल्या चार तारखा पाठ असाव्या लागतात.

आधी कामाचा आवाका. एलॉयबरोबर त्याचं नाव लागलेले चित्रपट साधारण असे: ‘लोस प्लासेरेस ओकुल्तोस’ (छुपी सुखं, १९७७), ‘एल दिपुतादो’ (खासदार, १९७८), ‘नावाखेरोस’ (चाकूवाले, १९८०), ‘मिएदो आ सालिर दे नोचे’ (रात्री बाहेर पडायची भीती, १९८०), ‘ला मुखेर देल मिनिस्त्रो’ (मंत्र्याची बायको, १९८१), ‘कोलेगास’ (दोस्त, १९८२), ‘एल पिको’ (१९८३) आणि त्याचा दुसरा भाग (१९८४), ‘ओत्रा वुएल्ता दे तुएर्का’ (१९८५) आणि ‘ला एस्तान्केरा दे वायेकास’ (१९८७). म्हणजे अकरा वर्षांत दहा. यातले काही त्या काळी स्पेनमध्ये तुफान चालले. तरीही लेखकाचं नाव कुणाच्या लक्षात राहिलं नाही, कारण पोस्टरवर दिग्दर्शक होता, पडद्यावर तरुण नट होसे लुइस मान्सानो होता आणि वर्तमानपत्रात वाद होता.

आता तारखा. या नीट समजल्या नाहीत तर पुढचा सगळा शोध चुकीच्या कपाटात होतो. स्पेनचा हुकूमशहा फ्रँको २० नोव्हेंबर १९७५ ला गेला, पण सेन्सॉर त्या दिवशी गेला नाही. तो हप्त्याहप्त्याने गेला. त्याच वर्षी फेब्रुवारीत, फ्रँको जिवंत असतानाच, नवे निकष आले होते. ‘चित्रपटाच्या एकूण गरजेनुसार’ असेल तर नग्नता चालेल, प्रेक्षकाच्या वासना चाळवण्यासाठी असेल तर नाही, असा त्यांचा मथितार्थ. १४ फेब्रुवारी १९७६ च्या आदेशाने पटकथेची पूर्वतपासणी बंद झाली. तयार चित्रपटाची तपासणी मात्र चालूच होती. ती ११ नोव्हेंबर १९७७ च्या शाही फर्मानाने, क्रमांक ३०७१, रद्द झाली. हे फर्मान राजपत्रात १ डिसेंबरला छापलं गेलं, म्हणून काही ठिकाणी ती तारीख दिसते. त्याच फर्मानाने ‘एस’ वर्ग आणला, म्हणजे ज्या चित्रपटाने प्रेक्षकाच्या संवेदना दुखावू शकतात त्याच्यावर लावायचा इशारा. पुढे १९८२ च्या कायद्याने ‘एक्स’ (निव्वळ लैंगिक किंवा हिंसक चित्रपटांसाठीच्या) चित्रपटगृहांची सोय झाली, १९८३ मध्ये त्याचे नियम आले आणि ‘एस’चं प्रयोजन संपलं. १९८३ च्या डिसेंबरअखेर, पिलार मिरो चित्रपट खात्याच्या प्रमुख असताना, आगाऊ अनुदानाचं फर्मान निघालं.

मराठी वाचकाला पटकथेची पूर्वतपासणी वेगळी समजावून सांगायला नको. महाराष्ट्रात नाटकाची संहिता आधी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे जाते, तसंच स्पेनमध्ये चित्रपटाचं होतं. संहिता जमा करायची, वाचक शेरे लिहिणार, ओळींवर काट मारणार, आणि मग चित्रीकरणाची परवानगी.

इथेच खरी गोम आहे. संशोधकाच्या दृष्टीने सेन्सॉर हा फार चांगला कारकून होता. १९७६ पूर्वीच्या स्पॅनिश पटकथाकाराचा अभ्यास करायचा तर माद्रिदजवळच्या आल्काला दे एनारेस गावातल्या सरकारी अभिलेखागारात, म्हणजे ‘आर्चिवो हेनेराल दे ला अदमिनिस्त्रासिओन’मध्ये, चित्रपटागणिक बाड मिळतं. त्यात जमा केलेली संहिता असते, वाचकांचे अहवाल असतात, निर्मात्याची विनवणीची पत्रं असतात, कधी सुधारून पुन्हा दिलेली पानं असतात. कोणतं दृश्य आधी काय होतं आणि नंतर काय झालं हे तारखेसह दिसतं. फेब्रुवारी १९७६ नंतर वाचकांचे शेरे थांबले. नोव्हेंबर १९७७ नंतर चित्रपटाचीही तपासणी थांबली आणि बाडात उरला फक्त वर्गीकरणाचा कागद: कोणत्या वयाला चालेल, ‘एस’ लागेल का, एवढंच. १९८४ पासून अनुदानाच्या अर्जाबरोबर पटकथा आणि अंदाजपत्रक समितीपुढे ठेवावं लागू लागलं, म्हणून कागद पुन्हा जाड झाला.

आता वरची यादी या तारखांवर बसवा. ‘एल दिपुतादो’पासून ‘एल पिको’पर्यंतचं गोइकोएचेआचं सगळं महत्त्वाचं काम नेमकं मधल्या रिकाम्या पट्ट्यात येतं. तो अनोळखी राहिला याचं निम्मं कारण हे आहे. त्याच्या आधीच्या पिढीच्या लेखकाने काय लिहिलं होतं हे सेन्सॉरने जपून ठेवलं. याचं जपायला कुणी उरलंच नव्हतं.

म्हणून बाड मागवताना अपेक्षा वेगवेगळ्या ठेवा. ‘लोस प्लासेरेस ओकुल्तोस’ १९७६ ते ७७ मधला आहे. पटकथेवर काट नाही, पण तयार चित्रपटावर आधी बंदी आली आणि मग १९७७ च्या वसंतात तो लागला. इथे चित्रपट पाहून दिलेले अभिप्राय शोधायचे. ‘एल दिपुतादो’साठी तेवढंही नाही. शेवटच्या दोन चित्रपटांसाठी अनुदानाच्या फायली आहेत का हे विचारायचं. पत्र स्पॅनिशमध्ये लिहा आणि ‘एक्सपेदिएन्ते’ (बाड) व ‘गियोन’ (पटकथा) या दोन गोष्टी वेगवेगळ्या मागा. एकच शब्द लिहिला तर एकच गोष्ट शोधली जाते. पटकथा बहुधा जागेवर बसूनच वाचायला मिळते. प्रत हवी असेल तर हक्कधारकाची परवानगी लागते.

आल्कालाखेरीज दोन जागा धरा. एक, माद्रिदमधली फिल्मोतेका एस्पान्योला, म्हणजे स्पेनचं चित्रपट संग्रहालय. तिचं ग्रंथालय माग्दालेना रस्त्यावरच्या पेरालेस वाड्यात आहे. सिने दोरे हे तिचं चित्रपटगृह, तिथे कागद नाहीत. नवखे लोक नेमके तिथे जाऊन उभे राहतात. दोन, स्पेनचं राष्ट्रीय ग्रंथालय. तिथे टंकलिखित पटकथा आहेत, चित्रपटाच्या शीर्षकाने शोधून पाहा. ‘एल पिको’ उत्तर स्पेनच्या बास्क प्रदेशातल्या बिल्बाओ शहरात घडत असल्याने सान सेबास्तियानच्या बास्क फिल्मोतेकालाही विचारून ठेवा.

घरबसल्या सुरुवात करायची तर स्पेनच्या सांस्कृतिक मंत्रालयाचा वर्गीकृत चित्रपटांचा तक्ता संकेतस्थळावर फुकट आहे. तिथे शीर्षक टाकलं की बाड क्रमांक, वर्गीकरण, प्रेक्षकसंख्या आणि गल्ला मिळतो. बाड क्रमांक आधी टिपून घ्या, अभिलेखागाराच्या पत्रात तोच उपयोगी पडतो. गल्ला युरोत दिसला तर १ युरो म्हणजे १६६.३८६ पेसेता हा ठरलेला दर. पण त्या काळच्या तिकिटाच्या भावाशी ताडल्याशिवाय त्या आकड्याला अर्थ नाही, त्यापेक्षा प्रेक्षकसंख्या पाहा.

शोधताना नावं फार छळतात. गोइकोएचेआ हे बास्क आडनाव आहे आणि ते दोन वळणांनी लिहितात. स्पॅनिश वळणात सी आणि सी-एच, बास्क वळणात के आणि टी-एक्स. दोन्ही टाकून पाहावं लागतं. बास्क वळण टाकलंत की पडदा भरून फुटबॉलपटू येतात, कारण आंदोनी गोइकोएचेआ हा अ‍ॅथलेटिक बिल्बाओचा बचावपटू १९८३ मध्ये मॅराडोनाला जायबंदी करून जगप्रसिद्ध झाला. शोधात ‘गियोन’ हा शब्द आणि चित्रपटाचं नाव अवतरणचिन्हात जोडा, मग गर्दी ओसरते. एलॉय दे ला इग्लेसिया (जन्म सारौत्स, १९४४) आणि आलेक्स दे ला इग्लेसिया हेही वेगळे, त्यांचं नातं नाही. होसे लुइस आलोन्सो हा ‘एल दिपुतादो’मधला तरुण नट, होसे लुइस आलोन्सो दे सान्तोस हा ‘ला एस्तान्केरा’चा नाटककार. याच नावाचा एक नामवंत नाट्यदिग्दर्शकही होता. तिघांची कात्रणं एका फाइलीत गेली की महिनाभराचं काम वाया.

टोपणनावाचा धडा घ्यायचा तर याच काळातलं ‘एल क्रिमेन दे कुएन्का’ (१९७९) बघा. पटकथेवर साल्वादोर माल्दोनादो असं नाव आहे. वाचणाऱ्याला वाटतं कुणी पुरुष असेल. ती लोला साल्वादोर. साल्वादोर आणि माल्दोनादो ही तिची दोन आडनावं, वडिलांकडचं आणि आईकडचं. पुढे २०१४ मध्ये तिला स्पेनचा राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार मिळाला, तोवर जुन्या याद्यांत साल्वादोर माल्दोनादो ‘पुरुष’ म्हणून खुशाल नांदत होता. हाच चित्रपट आणखी एका गोष्टीसाठी लक्षात ठेवा: सेन्सॉर रद्द झाल्यावरही सिव्हिल गार्डने (स्पेनचं निमलष्करी पोलीस दल) केलेल्या छळाची दृश्यं दाखवली म्हणून लष्करी न्यायव्यवस्थेने तो अडकवला. दिग्दर्शिका होती तीच पिलार मिरो, वर अनुदानाच्या फर्मानात जिचं नाव आलं. चित्रपट लागला १९८१ मध्ये. तेव्हा ‘१९७७ नंतर काहीही चालायचं’ हे वाक्य कुठे वाचलंत तर पुढचं जरा जपून वाचा.

आता मूळ मुद्दा. श्रेयनामावलीतल्या ओळीवरून कुणी काय लिहिलं हे कळत नाही. स्पेनमध्ये ‘आर्गुमेन्तो’ म्हणजे कथाबीज, ‘गियोन’ म्हणजे पटकथा आणि ‘दियालोगोस’ म्हणजे संवाद, अशी तीन श्रेयं वेगळी असतात आणि कधी एकत्र दिली जातात. १९६६ च्या कायद्यापासून पटकथेच्या श्रेयाला लेखकांच्या संस्थेमार्फत मिळणाऱ्या मानधनाचीही बाजू होती. त्यामुळे त्या काळच्या स्पॅनिश चित्रपटांत दिग्दर्शकाचं नाव पटकथेत दिसणं ही सर्रास गोष्ट. ते नाव खोटं असतं असं नाही. त्याचं वजन माहीत नसतं, इतकंच. दोन नावं म्हणजे निम्मं-निम्मं, हे गणित करू नका.

त्याऐवजी वजाबाकी करा. त्याच दिग्दर्शकाचे, त्याच काळातले, पण या लेखकाविना झालेले चित्रपट घ्यायचे. एलॉयच्या बाबतीत हे सोपं आहे. ‘ला क्रिआतुरा’ (१९७७) आणि ‘एल साकेरदोते’ (१९७८) हे दोन्ही एन्रिके बार्रेइरोबरोबरचे. पहिल्यात एका उजव्या विचारांच्या दूरचित्रवाणी निवेदकाची, पोटातलं बाळ गमावलेली बायको कुत्र्यात गुंतते. दुसऱ्यात एक पाद्री शरीराच्या ओढीने स्वतःला संपवत नेतो. दोन्ही बंदिस्त आहेत: एक घर, एक देह, एक रूपक, आणि रूपक शेवटपर्यंत ताणलेलं. आता त्याच सुमाराचा ‘एल दिपुतादो’ लावा. रस्ता आहे, निवडणूक आहे, पक्षाचं अधिवेशन आहे, फॅसिस्टांची टोळी आहे, आणि प्रत्येक गोष्टीला तारीख आहे. दिग्दर्शक एकच. फरक कुठून आला?

वजाबाकीची दुसरी बाजू विसरायची नाही. जे आधीपासून होतं ते नव्या लेखकाच्या खात्यात टाकू नका. ‘ला सेमाना देल आसेसिनो’ (१९७२) हा अन्तोनियो फोसबरोबर लिहिलेला. त्यात कत्तलखान्याशी निगडित कामगार आहे, उंच इमारतीतून दुर्बिणीने बघणारा शेजारी आहे आणि त्या दोघांतली उघड न बोललेली समलैंगिक ओढही आहे. म्हणजे कामगारवस्ती, वर्ग आणि समलैंगिकता हे तीन विषय एलॉयचे स्वतःचे, गोइकोएचेआ येण्याआधीचे. अनेक लेखांत ते दोघांच्या जोडीला बहाल केलेले दिसतात. ते चूक आहे.

मग उरतं काय? माझ्या मते वर्तमानपत्र उरतं. गोइकोएचेआ पत्रकार होता आणि त्याचा हात दिसतो तो घडलेल्या बातमीला कथेचा सांगाडा बनवण्यात. ‘नावाखेरोस’ हा होसे होआकिन सान्चेस फ्रुतोस ऊर्फ ‘एल हारो’ या माद्रिदच्या मुलावर आहे. टोळीप्रमुख, आणि फेब्रुवारी १९७९ मध्ये बंदुकीच्या गोळीने मेला तेव्हा जेमतेम सोळा वर्षांचा. चित्रपट पुढच्याच वर्षी आला. इतक्या घाईत लिहिलेल्या पटकथेला तयार नाट्यरचना नसते, कात्रणं असतात. म्हणून मध्ये एक पत्रकार घातलाय, होसे साक्रिस्तानने केलेला, जो बालगुन्हेगारीवर वृत्तान्त तयार करतोय. या पत्रकाराची दृश्यं चित्रपटातली सगळ्यात कच्ची आहेत: तो विचारतो, कुणीतरी आकडे आणि कारणं सांगतं, कॅमेरा ताटकळत उभा. पण पटकथा कशी जोडली ते इथेच उघडं पडतं. जिथे माहितीचं दृश्यात रूपांतर झालं नाही तिथे पत्रकार आलाय, जिथे झालं तिथे त्याची गरज पडलेली नाही. शेवटाला हारोला गोळी लागते आणि त्याच्या मुलाचा जन्म होतो, हे दोन आलटूनपालटून कापलंय. ते कागदावर ठरलं की संकलनाच्या टेबलावर, हे पटकथेची प्रत हातात आल्याशिवाय सांगता येणार नाही. अशा जागा वहीत वेगळ्या रंगाने खूण करून ठेवा.

‘नावाखेरोस’मध्ये आणखी एक शक्ती लिहीत होती, ती म्हणजे सहनिर्मितीचा करार. चित्रपट स्पेन आणि मेक्सिकोचा. म्हणून इसेला वेगाची मेर्सेदेस ही मेक्सिकन वेश्या आहे आणि वेरोनिका कास्त्रोही आहे. ‘लेखकाने परदेशी, एकाकी स्त्री का निवडली असेल’ यावर पानं खरडण्याआधी निर्मात्यांची यादी वाचा. भूमिका करारातून आली असेल. तिचं काय केलं हे मात्र लेखकाचं: मेर्सेदेस हारोला आईसारखी आणि प्रेयसीसारखी अशी दोन्ही ठेवली आहे, आणि ती दृश्यं चित्रपटातली सगळ्यात निवांत आहेत.

एक रचना जवळून दाखवतो, कारण पटकथाकाराची करामत अशाच ठिकाणी दिसते. ‘एल दिपुतादो’मध्ये रोबेर्तो ओर्बेआ हा मार्क्सवादी पक्षाचा खासदार. लग्न झालेलं, पुरुषांकडे ओढा. उजवे टोळीवाले त्याला अडकवण्यासाठी हुआनितो या कोवळ्या पोराला पैसे देऊन त्याच्यामागे लावतात. पोरगा खरंच गुंततो, आणि खासदाराची बायको कार्मेन दोघांनाही सांभाळून घेते. या सगळ्यात एक फ्लॅट आहे. फ्रँकोच्या काळात पक्ष बेकायदा असताना तिथे गुप्त बैठका व्हायच्या. आता पक्ष कायदेशीर झालाय, बैठका उघड्यावर होतात, आणि रिकामा झालेला तोच फ्लॅट रोबेर्तो आपल्या गुप्त प्रेमासाठी वापरतो. कुणी त्यावर भाषण देत नाही. पण एका जागेने सांगून टाकलं की एक गुपित कायदेशीर झालं आणि दुसरं झालं नाही. शेवटी हुआनितोचा खून होतो तोही तिथेच. स्पेनचा कम्युनिस्ट पक्ष ९ एप्रिल १९७७ ला कायदेशीर झाला आणि समलैंगिकतेला ‘सामाजिक धोका’ ठरवणाऱ्या १९७० च्या कायद्यातली ती तरतूद डिसेंबर १९७८ मध्ये निघाली. चित्रपट या दोन तारखांच्या मधल्या फटीत बसलेला आहे आणि तो फ्लॅट म्हणजे ती फट. तारखा काढल्या तर हे यंत्र बंद पडतं. बार्रेइरोबरोबरच्या चित्रपटांत असं काही सापडत नाही, म्हणून हे मी गोइकोएचेआच्या खात्यात टाकतो. पुरावा परिस्थितीजन्य आहे, हे मान्य.

‘एल पिको’त हीच युक्ती दोन बापांवर केली आहे. पाकोचा बाप सिव्हिल गार्डचा कमांडंट, उर्कोचा बाप बास्क राष्ट्रवादी पुढारी. १९८३ च्या बिल्बाओत हे दोघे एकमेकांचे जानी दुश्मन. पोरं दोस्त आणि दोघंही हेरॉइनवर. पोरं बेपत्ता झाली की बापांना एकमेकांचं तोंड बघावं लागतं. बातमीच्या दोन वेगळ्या पानांवर राहणारी माणसं एका खोलीत आणायची, ही संपादकाची दृष्टी आहे. दुसरा भाग मात्र बराचसा माद्रिदच्या तुरुंगात जातो, आणि तिथे दोन बापांसारखं यंत्र नसल्यामुळे पटकथा प्रसंगांची माळ होऊन बसते. ‘मिएदो आ सालिर दे नोचे’ आणि ‘ला मुखेर देल मिनिस्त्रो’ यांवर वेळ घालवू नका असं म्हणणार नाही, पण ते शेवटी पाहा.

संवादांवरून लेखक ओळखायला जाल तर दोन खड्डे आहेत. पहिला, आवाज. हे चित्रपट नंतर डब केलेले. ‘नावाखेरोस’मध्ये मान्सानोच्या तोंडी आवाज आन्खेल पार्दो या नटाचा आहे, जो स्वतः ‘एल दिपुतादो’त दिसतो. म्हणजे पडद्यावर ऐकू येणारं वाक्य हे पटकथा, चित्रीकरणावेळचं बोलणं आणि डबिंगच्या खोलीतला बदल अशा तीन चाळण्यांतून आलेलं. जुळवायचं असेल तर पटकथेची प्रत आणि डबिंगनंतरची संवादयादी असे दोन्ही कागद हवेत.

दुसरा खड्डा उपशीर्षकांचा. यातली बोली शब्दकोशाने लावली की अनर्थ होतो. ‘काबायो’ म्हणजे घोडा, इथे हेरॉइन. ‘मोनो’ म्हणजे माकड, इथे नशा न मिळाल्यावरची तडफड. ‘तालेगो’ म्हणजे तुरुंग, आणि हजार पेसेताची नोटही, संदर्भ बघून ठरवायचं. ‘मादेरो’ म्हणजे लाकूड, इथे पोलीस, त्यांच्या तपकिरी गणवेशावरून. त्याआधी गणवेश करडा होता तेव्हा लोक ‘ग्रिसेस’ म्हणायचे. कुणाच्या तोंडी कोणता शब्द आहे यावरून पात्राचं वय आणि प्रसंगाचा काळ लागतो. ‘पिको’ म्हणजे टोचून घेणं, आणि ‘पिकोलेतो’ म्हणजे सिव्हिल गार्डचा शिपाई. शीर्षकातच मुलगा आणि बाप दोघे बसलेत. मराठीत हे उतरवायला मला अजून शब्द सापडलेला नाही. कुणाला सापडला तर सांगा.

सगळ्यात भक्कम जमीन रूपांतरांची आहे, कारण तिथे मूळ पुस्तक छापील मिळतं आणि वजाबाकी थेट करता येते. ‘ओत्रा वुएल्ता दे तुएर्का’ हेन्री जेम्सच्या भुताच्या कथेवर. मूळ कथेतली शिक्षिका इथे पुरुष केली आहे, पाद्री घडवणारी शाळा (सेमिनरी) सोडून आलेला तरुण, आणि जागा बास्क किनाऱ्यावरची. एवढ्या एका बदलाने मुलाभोवतीची भीती भुताकडून शिक्षकाच्या स्वतःच्या दाबलेल्या ओढीकडे सरकते. ‘ला एस्तान्केरा दे वायेकास’ आलोन्सो दे सान्तोसच्या नाटकावर: दोन बेकार गवंडी माद्रिदच्या वायेकास वस्तीतलं तंबाखूचं दुकान लुटायला जातात आणि मालकीण व तिच्या भाचीसह आतच अडकतात. नाटक दुकानाच्या चार भिंतींत घडतं. चित्रपट बाहेरचा चौक उघडतो: पोलीस, वस्तीतली माणसं, गर्दी. बाहेर जे आहे ते रूपांतरात आलंय, म्हणून लेखकद्वयाचा हात बघायला हीच पहिली जागा.

काम सुरू करायचं तर इथूनच करा. नाटकाची छापील प्रत आणि चित्रपट घ्या. वहीत पाच रकाने पाडा: मिनिट, जागा, कोण हजर, कुणाला कोणती गोष्ट नव्याने कळली, आणि हे नाटकात आहे की नाही. पहिल्या वीस मिनिटांना चांगले दोन दिवस लागतील. ‘कुणाला काय कळलं’ हा रकाना कंटाळा करून सोडू नका, पटकथा तिथे असते. बाकीचे रकाने दिग्दर्शकाचेही असू शकतात. मग तोच तक्ता ‘एल दिपुतादो’ला लावा आणि फ्लॅट किती वेळा, कुणाच्या हातात किल्ली असताना येतो ते नोंदवा. त्याच्या बाजूला ‘ला क्रिआतुरा’चा तक्ता ठेवा.

वर्तमानपत्रं समांतर चाळत राहा. ‘एल पाईस’चा अंक ४ मे १९७६ पासूनचा संकेतस्थळावर आहे, ‘आबेसे’ आणि ‘ला वानग्वार्दिया’ यांचे जुने अंकही. माद्रिद, बार्सिलोना आणि बिल्बाओत चित्रपट लागण्याच्या तारखा वेगळ्या असतात, म्हणून प्रत्येक शहरासाठी आगेमागे तीन आठवडे बघायचे. ‘एल पिको’साठी १९८३ च्या सप्टेंबरातला सान सेबास्तियान महोत्सव आणि ‘देइआ’, ‘एगिन’ हे बास्क अंक धरा. मासिकांत ‘काँत्राकांपो’ (१९७९ ते ८७) आधी, कारण बाकीचे नाक मुरडत असताना त्यांनी एलॉयला गंभीरपणे घेतलं. परीक्षणांत लेखकाचं नाव क्वचित येतं. ते मुलाखतींत येतं, दिग्दर्शक बोलता बोलता ‘मी’वरून ‘आम्ही’वर घसरतो तिथे. तेवढी वाक्यं कापून, तारखेसह, वेगळ्या लिफाफ्यात ठेवायची.